काकूंच्या तीन व्हॅन

काकू,

काल मी नवी व्हॅन बघायला गेले होते. जपानीच, तुम्ही एकामागून एक तीन घेतल्यात त्याच जातीची. शोरूममधली बाई बॉनेटवर हात ठेवून सांगत होती, ही कितवी जनरेशन आहे, आधीच्या जनरेशनला काय नव्हतं आणि हिला काय आहे. मी म्हटलं, पहिल्या तीन पिढ्या मी जवळून बघितल्यात. ती नुसती हसली. घरी आले तेव्हापासून मला एका जागी बसवत नाहीये. ओटा पुसला, कालच आवरलेला कपाटाचा खण पुन्हा उपसून ठेवला, चहा केला आणि तो निवून गेला. एवढं लिहितानासुद्धा उठून एक चक्कर मारून आले. म्हणून म्हटलं, तुमच्याशीच बोलावं.

आपण भेटलो ते रस्त्याच्या कडेला. 2001 सालची थंडी नुकती सुरू झाली होती आणि आम्हाला अमेरिकेत, पार्सिपनीत येऊन काही महिनेच झाले होते. नागपूरला मी ज्युनियर कॉलेजात केमिस्ट्री शिकवायचे, सकाळी स्कूटीला किक मारून बाहेर पडले की दिवस कुठे जायचा कळायचं नाही. इथे माझा डिपेंडंट व्हिसा. नोकरी करायची परवानगी नाही, गाडी एकच आणि ती नवरा घेऊन जाणार. मग मी हॉलच्या खिडकीतून स्वयंपाकघराच्या खिडकीकडे आणि तिथून परत हॉलकडे अशा फेऱ्या मारत बसायची. दोन्ही खिडक्यांतून पार्किंगच दिसायचं. त्या दिवशी दूध संपल्याचं निमित्त करून मी चालत निघाले. फूटपाथ नव्हताच, पांढऱ्या पट्टीच्या बाहेरून गवतातून चालत होते आणि बाजूने गाड्या सूं सूं करत जात होत्या. मागून एक मरून रंगाची, लांबट, बुटकी गाडी आली आणि थांबली. काच खाली झाली.

"कुठे निघालीस?" थेट मराठीत.

"दूध आणायला."

"या रस्त्याने कोणी चालत नाही. बस आत."

मी मराठी आहे हे कसं ओळखलंत, असं मी नंतर विचारलं तेव्हा तुम्ही म्हणालात, "मंगळसूत्र कोटाच्या बाहेर आलं होतं. आणि त्या रस्त्याने चालायचा वेडेपणा नवीन आलेलीच करते."

ही व्हॅन आहे हेही तुम्हीच सांगितलंत. चारही दारं साध्या मोटारीसारखी उघडणारी, आणि मागे पाहिलं तर आणखी एक सीट. काका आजारी असताना तुम्ही ती घेतली होतीत. बाकीच्या व्हॅन उंच, त्यांना पाय उचलून चढवत नव्हतं. हिच्यात चढायला लागायचं नाही, खुर्चीत बसावं तसं नुसतं बसायचं. काका गेले तरी गाडी राहिली, आणि काकांच्या बाजूची सीट शेवटी जेवढी मागे सरकवली होती तेवढीच मागे होती. मी बसले तर माझे पाय समोर कुठे टेकेनात. "सरकव पुढे," तुम्ही म्हणालात, "खाली दांडी आहे." मी सीट पुढे घेतली. तुम्ही एकदा बघितलंत आणि गाडी सुरू केलीत.

तुम्ही सत्तरच्या दशकात मिरजेहून डॉक्टर होऊन इथे आलेल्या, भूलतज्ज्ञ म्हणून निवृत्त झालेल्या. माणसाला झोपवायचं आणि सुखरूप उठवायचं, एवढंच आयुष्यभर केलं, असं म्हणायचात. मुलगा टेक्ससला. घरात तुम्ही एकट्या, पण घरी बसलेल्या मी तुम्हाला कधी पाहिलं नाही. दुधाच्या त्या फेरीतच तुम्ही ठरवून टाकलंत की मला गाडी शिकवायची. मी नको म्हणत होते, तुम्ही ऐकत नव्हतात. दुसऱ्या दिवशी सकाळी खाली येऊन हॉर्न वाजवलात.

त्या हिवाळ्यानंतर आमच्याकडे एकामागून एक ले-ऑफच्याच बातम्या येत होत्या. ऑफिसांची मोठमोठी पार्किंग आठवड्याच्या मधल्या वारीही ओस पडलेली असायची, आणि तिथेच तुम्ही मला गोल गोल फिरवायचात. तुमची शिकवायची पद्धत काही प्रेमळ नव्हती. "ब्रेक असा दाबतेस जसं कोणाची तरी माफी मागतेयस. थांबायचंय तर थांब ना." एकदा मी स्टिअरिंगवर डोकं ठेवून रडायला लागले. आदल्या दिवशी नवऱ्याचं प्रोजेक्ट बंद झालं होतं, दुसरं काम मिळालं नाही तर गाशा गुंडाळून परत जायला लागणार होतं. मी म्हटलं, "परतच जायचं असेल तर हे शिकून काय करू?" तुम्ही पर्समधून टिश्यू काढून दिलात आणि म्हणालात, "परत गेलीस तर तिथे चालव. चल, डावा ब्लिंकर." मला तेव्हा तुमचा इतका राग आला होता. नवऱ्याला अगदी शेवटच्या घटकेला दुसरीकडे काम मिळालं आणि आम्ही राहिलो. तुम्ही त्यावर "बरं झालं" एवढंच म्हणालात.

दुसरी व्हॅन आली तेव्हा मला लायसन्स मिळालं होतं. पहिलीला खालून गंज लागला होता, पण तुम्ही ती बदललीत ते गंजामुळे नाही. तोपर्यंत तुमच्या शनिवारच्या फेऱ्या सुरू झाल्या होत्या. आमच्या सगळ्यांकडे सहा-सहा महिन्यांसाठी आलेले आईवडील, मुलं-सुना कामावर गेल्यावर टीव्हीसमोर बसलेले, त्यांना गोळा करून तुम्ही भाजीला, देवळात, मॉलमध्ये चालायला न्यायचात. मरून गाडीच्या अरुंद दारातून मागच्या सीटवर जाताना पातळं अडकायची, गुडघे दुखायचे. नवी चांगली ऐसपैस होती, आणि तिची मागची दोन्ही दारं बटण दाबलं की आपोआप सरकायची. म्हाताऱ्यांना त्या दारांचं फार कौतुक. सांगलीच्या एक आजी दर वेळी दारासमोर उभ्या राहून तुम्हाला म्हणायच्या, "डॉक्टरीण बाई, म्हणा तुमचा मंत्र," आणि तुम्ही गंभीर चेहऱ्याने काहीतरी पुटपुटून हळूच बटण दाबायचात. मागची सीट जमिनीतल्या खळग्यात दुमडून ठेवता यायची. ती दुमडून तुम्ही आमचा पाळणासुद्धा आणलात.

बाळंतपणाला माझी आई येऊ शकली नाही, तिचा व्हिसा नाकारला गेला. कळा सुरू झाल्या त्या सकाळी, आणि नवरा तेव्हा न्यूयॉर्कच्या ऑफिसात. बर्फ पडत होता. मी तुम्हाला फोन केला. ते मधलं सरकतं दार उघडलं, तुम्ही मला आत बसवलंत आणि स्वतः पुढे जाऊन बसलात, आणि सगळ्या वाटेत ऑपरेशन टेबलावरच्या माणसाशी बोलावं तशा आवाजात बोलत राहिलात. "आता सिग्नल आहे. थांबणार आहे. आता डावीकडे वळणार. श्वास घे." काय बोलत होतात ते निम्मं मला कळलं नाही, पण आवाज बंद झाला असता तर मी किंचाळले असते. नवरा पोचला तोवर लेक झाली होती, आणि तिला पहिल्यांदा तुम्ही घेतलं होतंत.

मग तिसरी. दुसरी चांगली चालत असताना, फार जुनीही झालेली नसताना, 2005 च्या सुरुवातीला तुम्ही नवं मॉडेल घेतलंत, तेही सगळ्यात वरचं. सगळ्यांनी चेष्टा केली. काकू साड्या बदलाव्यात तशा व्हॅन बदलतात, असं माझा नवरा म्हणायचा. तुम्ही हसण्यावारी न्यायचात. "हिला मागे कॅमेरा आहे," सांगायचात, "रिव्हर्सला टाकली की स्क्रीनवर सगळं दिसतं. मान वळवायला नको." मानेचं दुखणं असेल असं आम्ही धरून चाललो. त्याच सुमाराला मला कामाचं परमिट मिळालं, एका औषध कंपनीच्या लॅबमध्ये नोकरी लागली. इतक्या वर्षांनी पांढरा कोट अंगावर चढवला तेव्हा आरशासमोरून हलवेना. लेकीला दुपारी डे-केअरमधून आणायचं कसं हा प्रश्न तुम्हीच सोडवलात. "मी आहे ना."

आता वाटतं, किती गोष्टी डोळ्यांसमोर होत्या. तुम्ही माझ्याशी बोलताना माझ्या कानाकडे बघायला लागला होतात. दुकानातल्या पाट्या मला वाचायला सांगायचात, चष्मा विसरले म्हणून. एकदा खिडकीतून म्हणालात, तो समोरचा खांब वाकलाय का गं. खांब सरळ होता. उजव्या सरकत्या दाराला लांबलचक ओरखडा आला होता. मी बघत होते आणि कामाला जात होते.

त्या दुपारी मी लवकर सुटले म्हणून तुमच्याबरोबर डे-केअरला आले. परत निघताना तुम्ही स्क्रीनपाशी नाक नेऊन गाडी अगदी सुरेख मागे घेतलीत. मग पुढे. समोर झेब्रा क्रॉसिंगवर लाल कोट घातलेली एक बाई बाबागाडी ढकलत चालली होती. तुम्ही सावकाश, नेहमीसारख्याच, तिच्या दिशेने जात राहिलात.

"काकू, ब्रेक."

गाडी थांबली. त्या बाईने आपल्याकडे बघून हात केला आणि ती पलीकडे गेली. तिला काहीच वावगं वाटलं नव्हतं. मागून लेक म्हणाली, "व्हाय डिड वी स्टॉप?"

"मला दिसली होती ती," तुम्ही म्हणालात.

तुम्ही गाडी कडेला घेऊन उभी केलीत. दोन्ही हात स्टिअरिंगवरच होते.

"नव्हती दिसली," तुम्ही म्हणालात. मग एखाद्या पेशंटचं सांगावं तसं सांगितलंत. डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग खराब होत चाललाय. मधलं पुसलं जातं, कडेचं राहतं. एका डोळ्याचं गेलंच आहे, दुसऱ्याचं चाललंय.

"म्हणून ही व्हॅन घेतलीत?"

"मागची काळजी गाडीने घेतली तर माझं सगळं लक्ष पुढे राहील, असा हिशोब होता. पहिलीला काही नव्हतं, दुसरीला दारं आली, हिला कॅमेरा आला. पुढच्या मॉडेलला हे लोक पुढचंही काहीतरी करतील. तेवढं टिकायचं होतं मला."

काकू, त्या क्षणी माझ्या डोक्यात काय काय आलं ते सगळं सांगण्यासारखं नाही. तुमचं कसं होईल हे आलं, आणि माझी नोकरी गेली हेही आलं, आणि दुसरं आधी आलं की पहिलं हे मला आजही ठरवता येत नाही. तुम्ही विचारलंत, "मुलाला सांगणारेस माझ्या?"

"ते तुम्हीच सांगा. पण माझी लेक उद्यापासून तुमच्या गाडीत बसणार नाही."

"उद्यापासून कशाला? आत्तापासून," तुम्ही म्हणालात आणि पट्टा काढलात. खाली उतरलात, बॉनेटला हात लावत लावत पलीकडून आलात आणि माझ्या बाजूचं दार उघडून म्हणालात, "सरक. तू चालव."

त्यानंतर कित्येक दिवस तुम्ही माझा फोन उचलला नाहीत. लॅबमध्ये हातापाया पडून मी अर्धवेळ मागून घेतला. संध्याकाळी तुमच्या घरावरून जाताना गॅरेजचं दार उघडं असायचं आणि इंजिनचा आवाज यायचा. बॅटरी उतरू नये म्हणून नुसती सुरू करून ठेवत होतात. मी थांबायची नाही. थांबून काय बोलणार होते? मग एका शुक्रवारी तुमचा फोन आला. "उद्या भाजीला जायचंय. सगळे विचारतायत. चालत ये, गाडी इथे आहे." त्या शनिवारपासून मी तुमची व्हॅन चालवायला लागले आणि तुम्ही शेजारी बसून पायाखाली नसलेला ब्रेक दाबायला लागलात. "पिवळा झाला असेल ना?" "अजून हिरवा आहे." "बघ हं." एवढं सगळं बदललं तरी तुम्ही कोणाला काही बोलला नाहीत. काकूंना आता ड्रायव्हर ठेवावासा वाटला, असं सगळ्यांनी समजून घेतलं.

पुढच्या वर्षी नवऱ्याला कॅलिफोर्नियात सांता क्लाराला नोकरी मिळाली आणि तुमच्या मुलाने तुमचं घर विकायचं ठरवलं. दोन्ही एकाच उन्हाळ्यात. माझी पुन्हा खोकी भरायची वेळ आली, मला लॅब सोडवत नव्हती, मी प्रत्येकावर खेकसत होते. नवरा रुजू व्हायला विमानाने पुढे गेला. तुम्ही आलात आणि भरलेल्या खोक्यावर बसलात. "व्हॅन मुलाला नकोय. तू घे. पण ट्रकवर चढवून पाठवायची नाही, चालवत न्यायची. आणि मला बरोबर न्यायचं. तिकडून मी टेक्ससचं विमान पकडीन."

"काकू, तो देश आहे केवढा."

"रस्ता एकच आहे. आपल्या घरामागून जातो तो तिकडेच निघतो. वळायचंसुद्धा नाहीये तुला."

खरंच होतं ते. रूट एटी आपल्या घरामागून निघतो आणि थेट कॅलिफोर्नियाला पोचतो. मी, तुम्ही आणि मागे लेक. पेनसिल्व्हेनियात स्टेट कॉलेज नावाच्या गावाची पाटी आली तेव्हा मी वाचून दाखवली, माझा धाकटा भाऊ तिथे शिकत होता, खोलीत चौघं राहून वरणभातावर दिवस काढत होता. तो एक्झिटजवळच्या पेट्रोल पंपावर भेटायला आला आणि आपण वाटेसाठी घेतलेले सगळे पराठे घेऊन गेला. पुढे मका सुरू झाला, मग नुसतं आकाश. मला वाटलं होतं तुम्ही वाईट वाटून घ्याल. पण तुम्ही खुशीत होतात. "मला रस्ता दिसत नाही, पण दोन्ही बाजू छान दिसतात," म्हणालात. "इतकी वर्षं गाडी चालवली, कडेचं कधी बघितलंच नव्हतं." आणि लेकीला दाखवत होतात, ते बघ घोडे, ती बघ पवनचक्की. ती म्हणायची, "आय सॉ इट फर्स्ट, आजी."

युटामध्ये मिठाचं मैदान लागलं. रस्त्यालगत पांढरंशुभ्र, सपाट, क्षितिजापर्यंत काही म्हणजे काही नाही. लोक गाड्या खाली उतरवून त्या मिठावर फोटो काढत होते. आपणही उतरवली आणि बरीच आत नेली. तुम्ही उतरून पायाने मीठ खरवडून पाहिलंत. मग म्हणालात, "समोर काय आहे?"

"काही नाही."

"झाड? कुंपण? माणसं?"

"काहीच नाही, काकू. माणसं मागे रस्त्याकडे राहिली."

"मग किल्ली दे. आणि लेकीला उतरव. तू म्हणाली होतीस तसं."

मी लेकीला उतरवलं. किल्ली दिली. तुम्ही सीट आपल्या मापाची करून घेतलीत आणि गाडी निघाली. आधी सावकाश, मग वेगात, मग आणखी वेगात. लेकीचा हात धरून मी उभी होते. व्हॅन लहान होत गेली, उन्हात थरथरायला लागली, ठिपका झाली आणि थांबली. आम्ही वाट बघितली. ती वळेना. वारा एवढा होता की हाक मारून उपयोग नव्हता. बाई, काय केलंस हे, असं मी स्वतःला म्हणत होते. तेवढ्यात त्या ठिपक्याची दोन्ही दारं सरकली आणि आरपार उजेड दिसला. आम्ही चालत निघालो, मग पळायलाच लागलो.

पोचलो तेव्हा तुम्ही ड्रायव्हरच्या सीटवर बसून होतात आणि गाडीतून वारा वाहत होता. "कुठून वळायचं ते समजेना," म्हणालात. "सगळीकडे सारखंच पांढरं. म्हणून दारं उघडली. म्हटलं, तुम्हाला दिसेल."

लेकीने धापा टाकत विचारलं, "डिड यू गेट लॉस्ट, आजी?"

"नो, बेटा. आय वेन्ट व्हेअर आय वॉन्टेड." आणि तुम्ही आपणहून शेजारच्या सीटवर सरकलात.

सॅन फ्रान्सिस्कोच्या विमानतळावर तुम्हाला सोडलं तेव्हा व्हीलचेअर घेऊन आलेल्या माणसाला तुम्ही म्हणालात, मला दिसत नाही, चालता येतं. आणि त्याच्या दंडाला धरून भराभर निघून गेलात. मागे वळून बघितलं नाहीत. बघून काय दिसणार होतं म्हणा. नंतरचं वर्षभर आपण फोनवर बोललो. 2008 मध्ये तुमच्या मुलाचा फोन आला, दुपारी जेवून पडलात आणि उठला नाहीत.

कालच्या त्या व्हॅनला पुढचं दिसतं, काकू. समोर माणूस आला तर ती आपली आपण थांबते. तुमचा अंदाज बरोबर होता, फक्त हिशोब काही वर्षांनी चुकला. मी घेतली नाही ती. लेक फोनवर म्हणाली, "आई, तुम्ही दोघंच आहात, हू नीड्स सो मेनी सीट्स?" हे सगळं तुमच्या मुलाला पाठवावं असं मधेच मनात आलं. पण त्याला मराठी वाचता येत नाही, आणि मिठावरचं त्याला मी कधी सांगितलेलं नाही. राहू दे.

एक मात्र सांगते. तुम्ही मला भेटेल त्याच्यासमोर उभी करून सांगायचात, हिला मी गाडी शिकवली, आता हिला कोणी घरात कोंडू शकत नाही. काकू, मला गाडी चालवायला कधीच आवडलं नाही. आजही जमेल तेवढा फ्रीवे टाळते. ड्रायव्हिंग टेस्टची तारीख मी पुन्हा पुन्हा पुढे ढकलायला लावत होते, पॅरलल पार्किंग जमत नाही म्हणून. ते मला केव्हाच जमलं होतं. शिकवणी संपली की तुम्ही सकाळी यायच्या बंद व्हाल, असं वाटत होतं.